माळकऱ्याची चिली

संध्याकाळी सात ते साडेआठ. एवढा दीड तास कसा काढायचा, हा आमच्या घरापुढचा प्रश्न होता. बाकीच्या दिवसाचं काही वाटायचं नाही. सकाळी आमचे हे टेम्पो घेऊन वीटभट्टीवर जात, मी एसटीने पनवेलला शाळेच्या ऑफिसात जाई, सासूबाई घर आणि परसातली भाजी बघत. पण सात वाजले की यांचा पाय घरात ठरत नसे. ओटीवरून अंगणात, अंगणातून ओटीवर. मध्येच टेम्पोचं बॉनेट उघडून बघायचं आणि बंद करायचं. त्या टेम्पोला संध्याकाळी सातला काय होणार होतं?

नव्वदच्या पुढेमागे पळस्पे फाट्यावर चायनीजच्या गाड्या लागायला लागल्या होत्या. लाल रंगवलेला पत्रा, त्यावर पिवळा ड्रॅगन, आणि बसलेली माणसं रस्त्यावरून दिसू नयेत म्हणून बांधलेला पडदा. पडद्याआड काय चालायचं ते गावात सगळ्यांना ठाऊक होतं. हे तिथे रोज बसायचे. एक क्वार्टर, एक चिकन चिली. चार वर्षं बसले. त्या चार वर्षांबद्दल मी इथे लिहीत नाही. दारू पिणाऱ्यांच्या बायकांचं सगळ्यांचं सारखंच असतं, आणि मला त्याचा कंटाळा आलाय.

मग एकदा त्यांनी टेम्पो भरल्या विटांसकट भातशेतात घातला. थोडक्यात वाचले. दुसऱ्या दिवशी सासूबाईंनी त्यांना हाताला धरून देवळात नेलं आणि बुवांकडून गळ्यात तुळशीची माळ घालून घेतली. आमच्याकडे दारू सोडवायची ती अशी. माळ घातली की दारू बंद, मटण-मच्छी बंद, अंडंसुद्धा बंद. माणूस डॉक्टरला फसवतो, बायकोला तर फसवतोच, पण गळ्यातल्या माळेला फसवायला घाबरतो. "आता ही उतरली तर माझा मुलगा गेला असं समज," असं सासूबाई मला म्हणाल्या. जणू ती माझ्याच गळ्यात घातली होती.

मच्छीशिवाय ज्या घरात घास उतरत नव्हता, तिथे सगळ्यांनीच ती सोडली. सुक्या बोंबलांचा डबा शेजारणीकडे गेला. जुन्या भांड्यांना वास आहे म्हणून माळकऱ्यासाठी नवी लोखंडी कढई आली. सासूबाईंनी जन्मभर खाल्लेले बोंबील एका दिवसात सोडले आणि त्याबद्दल एक अक्षर काढलं नाही. मी मात्र मनातल्या मनात रोज काढत होते.

तिसऱ्या आठवड्यात एकदा हे ओटीवर बसल्या बसल्या म्हणाले, "दारूची आठवण नाय येत गो. ती चिली येते डोळ्यासमोर."

मला हायसं वाटलं. चिलीच ना? मग ती घरी करू. कोंबडी नको, अंडं नको. दुधातुपाचा प्रश्नच नव्हता, चायनीजमध्ये ते घालतंय कोण. कांदा-लसूण बुवांनी एकादशी सोडून चालू ठेवला होता. म्हणजे सगळं जमण्यासारखं होतं. सात वाजता समोर गरम चिली आली, तर माणूस फाट्यावर कशाला जाईल, असा माझा सरळ हिशेब. दिवसभर शाळेतल्या मुलांचे दाखले लिहिणाऱ्या बाईला सगळंच रकान्यात बसवायची सवय होते.

पंचाईत एवढीच, की मी स्वतः चायनीज कधी खाल्लं नव्हतं. पनवेलच्या बाजारातून सोया सॉसची बाटली, कॉर्नफ्लोर आणि एक फ्लॉवर आणला. मैद्यात बुडवून तळला. मैदा कढईला चिकटला आणि फ्लॉवर उघडा पडला. वरून सॉस ओतला तर सगळं काळं झालं. सासूबाई वाकून बघत म्हणाल्या, "ही कसली आमटी गो?" यांनी मात्र मुकाट्याने खाल्लं आणि "चांगलं हाय" म्हणाले. कुणाच्या दहाव्याला गेल्यावर जेवणाबद्दल म्हणतात, तसं.

पुढच्या शनिवारी शाळा अर्ध्या दिवसाची होती. दुपारी मी फाट्यावर उतरले आणि सरळ त्या गाडीवर गेले. संध्याकाळी तिथे बाईमाणसाने उभं राहायची सोय नव्हती, पण दुपारी पडदा गुंडाळून ठेवलेला असे. गाडीवाला नेपाळकडचा होता, हातांवर कोपरापर्यंत भाजल्याचे डाग. कोबी चिरत बसला होता. मी कोण ते सांगितल्यावर म्हणाला, "भाईसाब बहुत दिन से आया नहीं. टेम्पो खराब है क्या?"

मी सगळं सांगून टाकलं. का कोण जाणे, पण चार वर्षांत सख्ख्या बहिणीला सांगितलं नव्हतं ते त्या माणसाला सांगितलं. त्याने सुरी खाली ठेवली आणि गिऱ्हाईक हातचं जात असतानाही मला नीट शिकवलं. कढई आधी रिकामीच तापवायची, धूर येईपर्यंत. अंडं नसेल तर कॉर्नफ्लोर जास्त आणि पाणी अगदी गार. सॉस सगळ्यात शेवटी आणि तो भाजीवर नाही, कढईच्या काठावर सोडायचा. हिरव्या मिरच्या आदल्या दिवशीच व्हिनेगरमध्ये बुडवून ठेवायच्या. कोंबडीऐवजी सोयाबीनच्या वड्या चालतील का, असं विचारल्यावर जरा विचार करून म्हणाला, "चलेगा. निचोड के डालो."

मी निघाले तेव्हा तो मागून म्हणाला, "लेकिन भाभी, भाईसाब तो दो-तीन पीस खाता था, बस. बाकी प्लेट में छोड देता था."

मी ऐकलं. पण मला वाटलं, रोज पन्नास माणसं येतात, याची गिऱ्हाइकांत सरमिसळ होत असेल.

त्यानंतर दोन महिने आमच्या घरात दिवसाआड चिली झाली. मी सहाच्या एसटीने यायची, पाय धुवायची आणि वड्या उकळत टाकायची. उकळलेल्या वड्या धुण्यासारख्या पिळायच्या, नाहीतर त्या पाणी सोडतात. पंपाचा स्टोव्ह, त्याचा तो आवाज, डोळ्यात जाणारा व्हिनेगरचा वास. ऑफिसात दिवसभर बसून कंबर धरलेली असायची, आणि इथे उभं राहून पाय धरायचे. दारू सोडायची त्यांनी आणि व्रत लागलं मला. कधीकधी वाटायचं, कढई तशीच ठेवून आपणच फाट्यावर जाऊन बसावं आणि कुणीतरी आपल्यासमोर काहीतरी आणून ठेवावं.

पण एक गोष्ट कबूल केली पाहिजे. हे माझ्याजवळ येऊन बसायला लागले होते. आधी नुसते बघत. मग म्हणाले, "भोपळी मिरची लांब नको चिरू, चौकोनी चिर," आणि माझ्या हातातून विळी ओढून स्वतःच चिरायला बसले. वीटभट्टीवरच्या गमती सांगायचे. लग्न झाल्यापासून आम्ही दीड-दीड तास एका जागी बसून बोललोय, असं तोवर कधी झालं नव्हतं. खाऊन झालं की डोळे मिटून निकाल द्यायचे. "जवळ आलीस. पण अजून ते नाय." किंवा, "धूर नाय लागला." मलाही ईर्षा चढली होती. कधी नाही ते माझ्या हातच्या कशाची तरी ते वाट बघत होते.

सासूबाईंना हे पसंत नव्हतं. एकदा म्हणाल्या, "वरण-भात वाढ त्याला. तो फाट्याचा वास घरात कशाला आणतंस?"

मी फटकन बोलले, "मग रोज सात वाजता तुम्ही बसवून ठेवा त्यांना." त्या दोन दिवस माझ्याशी बोलल्या नाहीत. मी दमलेली होते, हे खरं, पण बोलायला नको होतं.

आणि मग तो गुरुवार आला. एसटी अर्धा तास उशिरा आली, त्यात उभ्याने प्रवास, त्यात हेडमास्तरांनी निघता निघता सुनावलेलं. घरी येऊन रागारागात स्टोव्हला पंप मारला, कढई वर ठेवली आणि साडी बदलायला गेले. परत येते तो कढई धुराने भरलेली. उतरवायचाही कंटाळा आला. तसंच तेल ओतलं, लसूण टाकला, भडका उडाला. वड्या, मिरच्या, कांदा, सगळं एकामागून एक टाकत गेले आणि काठाने सॉस सोडला. चर्र आवाज झाला आणि आजवर कधी आला नव्हता असा वास घरभर सुटला.

ताट यांच्यापुढे ठेवलं. त्यांनी एक वडी तोंडात टाकली आणि चावता चावता थांबले. दुसरी टाकली.

"हेच," म्हणाले. "हेच गो."

मला इतका आनंद झाला की रडूच आलं. झारा हातात धरून मी तशीच उभी राहिले. जिंकलो आपण, असं वाटलं. यांनी तिसरी वडी उचलली. आणि त्याच वेळी त्यांचा डावा हात जमिनीवरून सरकत ताटाच्या बाजूला गेला आणि काहीतरी शोधायला लागला. नजर ताटातच होती. पाण्याचा तांब्या दुसऱ्या बाजूला होता. हाताने थोडा वेळ चाचपलं, पेला धरावा तशी बोटं वळली आणि रिकामीच मिटली.

त्यांनी वर बघितलं. मी बघत होते हे त्यांनी पाहिलं. हात मांडीवर घेतला.

तीन वड्या खाऊन झाल्या होत्या. बाकी ताटात तशीच होती. हे उठले, मोरीत हात धुतले, देव्हाऱ्यापुढे गेले. दोन्ही हातांनी माळ डोक्यावरून काढली, देवापुढे ठेवली आणि नमस्कार केला. घाई नाही, राग नाही. शर्ट अडकवला.

"अहो," मी म्हटलं, "ताट तसंच आहे."

"आलो जरा," ते म्हणाले. परक्या माणसाशी बोलावं तसे हळू, अदबीने बोलले. शिव्या देत गेले असते तर मला इतकं लागलं नसतं.

ओटीवर सासूबाई होत्या. त्यांनी मुलाचा मोकळा गळा पाहिला. टेम्पो सुरू झाल्याचा आवाज आला.

माळ पुढे दोनदा पुन्हा घातली गेली. तिसऱ्या खेपेची टिकली. त्या वेळी सात वाजता मी काहीही केलं नाही. चिली नाही, भजी नाही, गप्पा नाहीत. ते येरझाऱ्या घालायचे, कधी चिडायचे, एकदा ओटीवर बसून लहान मुलासारखे रडले. मी आत भात लावत राहिले. सातचे साडेआठ आपोआप होतात, हे मला आधी कुणी सांगितलं असतं तरी पटलं नसतं. गावात म्हणतात, बुवांच्या कृपेने सुटला. पहिली माळ कशाने उतरली ते आम्हा दोघींनाच माहीत होतं, आणि सासूबाई आता नाहीत.

त्या गुरुवारी त्या आत आल्या तेव्हा मी खालीच बसले होते. वाटलं, आता बोलतील, सांगितलं होतं तुला, म्हणतील. मी ऐकून घ्यायला तयार होते. त्या माझ्यासमोर बसल्या. ताट पुढे ओढलं, एक वडी उचलून तोंडात टाकली आणि बराच वेळ चावत राहिल्या.

"चांगली झाली हाय गो," म्हणाल्या आणि ताट माझ्याकडे सरकवलं. "खा. सकाळपासून पोटात काय नाय तुझ्या."

आम्ही दोघींनी ती सगळी संपवली. खरंच फार चांगली झाली होती, आणि मला अजून राग येतो तो त्याचाच.