नासणारा चंद्र

माझे बाबा संत्र्यांच्या बाजारात छाटणीला होते. ढिगासमोर बसायचं, एकेक संत्रं उचलून अंगठ्यानं दाबायचं, मऊ लागलं की बाजूला टाकायचं, एवढंच काम. सत्तर सालच्या आसपासची गोष्ट. महाल नावाच्या जुन्या वस्तीत आमच्या दोन खोल्या होत्या आणि हिवाळाभर घरात उतरलेल्या संत्र्यांचा गोडसर, किंचित आंबूस वास असायचा. शाळेतल्या मुली माझ्या दप्तराला नाक लावून हसायच्या. तेव्हा त्यांचा असा राग यायचा! आता तो वास कुठे आला तर मी चालता चालता थांबते.

संध्याकाळी बाबा सायकल टेकवून हातपाय धुवायचे आणि बाजारातून आणलेल्या मऊ संत्र्याचा डागाचा भाग कापून मला फोडी द्यायचे. फोडींबरोबर गोष्ट. सगळ्या गोष्टी एकाच जगातल्या, त्यांनी स्वतः रचलेल्या. त्या जगाला नाव नव्हतं. बाबा नुसतं 'तिकडे' म्हणायचे. तिकडे सगळं नासायचं आणि नासावंच लागायचं, तसा कायदाच होता. डोंगर कुजायचे तेव्हा कुठे नदीला गाळ मिळायचा. चंद्र पंधरा दिवस एका बाजूनं नासत जायचा, शेवटी नुसती बी उरायची, आणि तिच्यातून नवा चंद्र धरायचा. या सगळ्यावर एका म्हाताऱ्याची देखरेख होती. तो आभाळात बसून एकेक चांदणी अंगठ्यानं दाबून पाहायचा आणि मऊ झालेली खाली टाकायचा. तिच्या खतावर नव्या चांदण्या उगवायच्या. देव आमच्या बाबांच्याच धंद्यातला आहे, याचा मला फार अभिमान वाटायचा.

मी नऊ वर्षांची झाले त्या वर्षी गोष्टीत एक राणी आली. तिची लाडकी चांदणी मऊ झाली, तशी राणीनं ती म्हाताऱ्यापासून लपवून लोखंडी पेटीत ठेवली, वर डांबरगोळ्या टाकल्या आणि कुलूप लावलं. त्या दिवसापासून तिकडचा चंद्र अर्ध्यावर अडकला. बी रुजेना, झाडांना मोहोर येईना. म्हातारा चांदणी मागायला आला, लोक राणीच्या दारात येऊन बसले.

"मग?" मी विचारलं.

"मग काय वं? राणी पेटी उघडतच नाही."

दुसऱ्या दिवशी तेच. आठवडाभर तेच. ज्या माणसाला अख्खा समुद्र आटवायला दोन फोडी पुरायच्या, तो एका कुलपापाशी अडला होता. आणि सांगताना ते माझ्याकडे बघतही नसत. त्यांची नजर स्वयंपाकाच्या खोलीकडे असायची, जिथे आई असायची.

पेटी आमच्याही घरात होती, आईच्या पलंगाखाली. तिच्यात माझ्या भावाचे कपडे आहेत एवढं मला ठाऊक होतं. तो सात महिन्यांचा असतानाच गेला, तेव्हा मी चार वर्षांची होते. मला पाळण्याची दोरी आठवत होती, तो आठवत नव्हता. घरात त्याचं नाव कुणी काढत नसे. आई वर्षातून दोनदा पेटी उघडून गोळ्या बदलायची, आणि तेव्हा दार आतून लावून घ्यायची. इतकं सगळं डोळ्यांसमोर असून मला काही उमजत नव्हतं. मला गोष्ट पुढे जायला हवी होती, बस.

एका रविवारी दुपारी आम्ही दोघं अंगणात ऊन खात बसलो होतो. बाबा पुन्हा कुलपापाशी येऊन थांबले आणि माझं डोकं सरकलं. मी तशीच आहे, धीर म्हणून नाही. "राणी येडीच आहे!" मी ओरडले. "साऱ्या जगाचा खोळंबा करून राहिली!"

आई उंबऱ्यात उभी होती. हात पिठाचे.

"येडी नाही वं ती," ती मला म्हणाली. मग बाबांकडे वळली. "पाच वर्षं झाले. म्हातारा अंगठा घेऊन आला, लोकं दारात बसले, सारे सांगून राहिले, उघड, उघड. राणीजवळ येऊन कोणी बसलं का हो? तिले कोणी विचारलं का, कशी होती तुझी चांदणी?"

मला वाटलं, आता जुंपणार. पण बाबांनी मान खाली घातली. म्हणाले, "मले जमलं नाही. मले वाटे, त्याचं नाव काढलं तर तू मोडशील."

"मी कधीचीच मोडली," आई म्हणाली आणि आत गेली. बाबा तिच्या मागोमाग गेले. मला कुणी ये म्हटलं नव्हतं, तरी मी गेलेच.

आईनं पेटी ओढून उघडली. डांबरगोळ्यांच्या वासानं मला शिंका आल्या. सगळ्यात वर एक पिवळं झबलं होतं. तिनं ते उचललं, तर घडीवरच विरलेलं. तिच्या बोटांत फाटलं. तिनं ते नाकाशी नेलं, थोडा वेळ धरलं आणि बाबांच्या हातात दिलं.

"त्याचा वास गेला हो," ती म्हणाली. "इतके दिवस मी गोळ्यांचाच वास सांभाळला."

बाबा झबलं तोंडाशी धरून रडले. मोठ्यानं, लाजलज्जा सोडून. मी घाबरले, माझ्या बापाला रडता येतं हेच मला माहीत नव्हतं. आई त्यांच्याजवळ फरशीवर बसली, मला ओढून कुशीत घेतलं आणि बोलायला लागली.

माझ्या भावाबद्दल मला कळलेली पहिली गोष्ट ही. त्याला उचकी लागली की तो त्या उचकीवरच रागवायचा, आणि मी पाळण्याशी जाऊन "चूप!" म्हटलं की खुदकन हसायचा.