हळदीच्या कॅसेटमधली घरघर

लेकीचं लग्न ठरलं आणि आईनं माझ्यापुढं एक जुनी कॅसेट ठेवली. माझ्या थोरल्या बहिणीच्या हळदीची. जात्यावर हळद दळताना वैजापूरच्या मावशीनं म्हटलेल्या ओव्या वडिलांनी त्यात भरून घेतल्या होत्या. मावशी आता नाही. त्याच ओव्या आईला नातीच्या हळदीला म्हणायच्या होत्या. पण आमच्याकडं नवरीच्या प्रत्येक जवळच्या माणसाची एक ओवी असते, आणि त्यातली भावाची तिला काही केल्या आठवेना. ती गाळून नातीची हळद दळायची नाही, हे तिनं आधीच सांगून टाकलं.

मला जुने आवाज जपायचा नाद आहे, हे घरात सगळ्यांना माहीत आहे. त्यातलं मला येतं किती, हे मात्र कुणी विचारत नाही. औरंगपुऱ्यातून टेपरेकॉर्डरचा पट्टा बदलून आणला. फितीवर पांढरी बुरशी धरली होती. ती मऊ कापडानं पुसताना मी श्वाससुद्धा बेतानं घेत होतो. घरातले पंखे पुसायच्या वेळी हा हात कुठं जातो, असं बायकोनं दारातून विचारून घेतलं.

कॅसेट वाजली. पण नेमकी भावाच्या ओवीच्या जागी फीत पार गेलेली, नुसती खरखर. निदान उरलेलं तरी चकाचक करावं म्हणून ते कॉम्प्युटरवर घेतलं आणि दोन रविवार खपून मागची सगळी घरघर काढून टाकली. मावशीचा आवाज असा स्वच्छ निघाला, की मीच माझ्यावर खूश.

आईनं ऐकलं. मग म्हणाली, "गाती तीच आहे रे. पण जातं कुठंय?"

जातंच मी काढून टाकलं होतं.

मुकाट्यानं मूळ रेकॉर्डिंग लावलं. घरघर सुरू झाली, तसा आईचा उजवा हात मांडीवर गोल फिरायला लागला. त्या दिवशी जात्याच्या दुसऱ्या बाजूला तीच बसली होती, हे माझ्या ध्यानातच नव्हतं. खराब जागा आली. मावशीचा आवाज बुडाला, जातंही बुडालं. आईचा हात मात्र थांबला नाही, आणि त्या फेऱ्यातच तिच्या तोंडून ओवी आली:

"नवरीचा भाऊ बाई, मांडवात मिरवतो,
कामाला हाक मारता, कुठं बरं हरवतो."

म्हणजे ही माझी ओवी. बायकोला हसू आवरेना. आईनं ती पुन्हा म्हणून पक्की केली आणि मी मोबाइलवर भरून घेतली, मागच्या कुकरच्या शिट्टीसकट. शिट्टी तशीच ठेवलीय.

"पण आज्जी, ही दादाला लागू पडती का?" लेकीनं विचारलं.

"हाक मारून बघ की."

पत्रिका वाटायला जा म्हणून मी सकाळपासून पोराच्या मागं होतो. लेकीनं दोनदा हाक मारली. तो घरात नव्हता. पत्रिका टेबलावरच होत्या.