पहिला घास

“लेट इट थिंक,” असं म्हणत आमचा इथिओपियन शेजारी मसाला चोळलेलं बीफ तासभर तसंच ठेवतो. त्याआधी चरबीचा कण न् कण कापून टाकतो. इथं अमेरिकेत, रेडमंडच्या पावसात छत्री ग्रिलवर धरतो आणि स्वतः भिजतो.

माझी बायपास झाल्यावर घरी सगळं उकडलेलं मिळायला लागलं. माझी अन्नावरची वासनाच उडाली. हे कळल्यावर त्यानं मला खाली पार्किंगमध्ये, ग्रिलपाशी बोलावलं. लोणी अजिबात नाही, मीठ नावापुरतं. लाल मिरची, आलं, वेलची मात्र सढळ. मी प्लेट घेणार, तेवढ्यात त्यानं पहिला तुकडा माझ्या तोंडासमोर धरला. “आमच्यात पाहुण्याला भरवतात.”

पन्नाशीतल्या मी तिथं जमलेल्या सगळ्या शेजाऱ्यांदेखत आ केला.

काय खायचं नाही, ते सगळ्यांनीच सांगितलं होतं. भरवलं फक्त यानं.