पाणी उतरवणारा माणूस

चुडाव्याच्या स्टेशनावर उतरून तो पेटी घेऊन आमच्या मळ्यात आला, तेव्हाच माझ्या मनात पाल चुकचुकली. निजामावरच्या पोलिस अॅक्शनला फार दिवस झाले नव्हते. अनोळखी माणूस दिसला की गाव आधी त्याच्या हाताकडं बघायचं. याच्या हातात सिनेमाचा कॅमेरा होता.

होता हैदराबादचा. मराठी बोलायचा, पण दख्खनी वळणाची. मामंजींना, म्हणजे माझ्या सासऱ्यांना म्हणाला, "तुमच्या विहिरीचं पाणी उतरवायचंय." त्याच्याकडं तसबीर काढण्याला उतरवणं म्हणतात, आमच्याकडं पाणी उतरलं म्हणजे विहीर आटायला लागली. मामंजींचा चेहराच पडला. सगळा मळा अन् घरची खाणारी तोंडं त्या एका विहिरीवर. पण त्याच साली त्यांनी बैलांची चामड्याची मोट सोडून तेलाचं इंजिन बसवलं होतं. इंजिनाचीही तसबीर निघणार म्हटल्यावर विरघळले.

त्याचं सगळंच अजब. माणसं नकोतच त्याला. रोज त्याच दगडावर कॅमेरा ठेवून इंजिनाचा धूर, बाभळीची सावली अन् विहिरीचं पाणी घ्यायचा. गोष्ट काय आहे विचारलं तर म्हणे, "कहानी नाही भाभी. मशीन और पानी, बस." असलं मेलं कोण बघणार?

अन् पाणी खरंच उतरायला लागलं. विहिरीच्या पायऱ्या उघड्या पडू लागल्या.

"काचेची नजर लय वाईट," मामंजी म्हणाले.

"इंजिन बी दिवसभर चालायलंय की," मी म्हटलं. त्यांनी असं बघितलं की मी गुमान चूल गाठली. मला दोघांचाही संशय होता, त्या माणसाचा अन् इंजिनाचा.

मग तो गेला, अन् उन्हाळ्यात फिल्म दाखवायला परत आला. आमच्याच इंजिनाला पट्टा लावून त्यानं सोबत आणलेल्या डायनामोवर वीज केली, गोठ्याच्या भिंतीवर धोतर ताणलं. धोतरावर इंजिन धूर ओकत होतं अन् एकामागून एक पायऱ्या उघड्या पडत होत्या. आमच्या विहिरीचं आटणं घटकेत डोळ्यादेखत झालं.

मग फिल्म उलटी फिरली. पाटातलं पाणी मागं सरकत पाइपात शिरलं, पायऱ्या बुडाल्या, विहीर काठोकाठ भरली. मामंजी उठून उभे राहिले.

"साहेब, इथंच थांबवा. आता उतरवू नका."

थांबवलं तर दिव्याच्या आचेनं फिल्म जळते, तो सांगत होता. मामंजींनी हात जोडले. कुणापुढं हात जोडताना मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं. त्यानं थांबवली. भरल्या विहिरीच्या मधोमध तपकिरी डाग उठला, फुगला, अन् सगळं पाणी जळून गेलं. नुसतं पांढरं धोतर राहिलं.

मामंजी तसेच इंजिनाकडं गेले अन् त्यांनी ते बंद केलं. दिवा विझला. अंधारातून त्यांचा आवाज आला, "सूनबाई, तू म्हणलीस ते खरं हाय. मोट कुठं टाकलीय, बघ उद्या."

"बघते," मी म्हटलं. मोटेचं चामडं घुशींनी कधीच कुरतडून टाकलं होतं.