दादाने उडवलेली फाइल

माझ्या दादाला ऑफिसात सगळे ‘कुलूप’ म्हणतात. त्याच्या तपासणी केंद्रात रोग्यांचे स्कॅन काढतात आणि दूरच्या मोठ्या डॉक्टरांकडे पाठवतात. वाटेत कुणी उघडून पाहू नये म्हणून ते कुलूपबंद करून पाठवणारं जे सॉफ्टवेअर आहे, ते दादा सांभाळतो. दुसरं कारण त्याचं तोंड. ते फक्त वहिनीला उघडता यायचं.

दादाच्या घरातलं बापलेकाचं बोलणं म्हणजे बघण्यासारखा प्रकार होता. माझा भाचा परदेशात. रोज संध्याकाळी आईला फोन करायचा. दादा शेजारच्याच खुर्चीत, पेपर तोंडासमोर धरून. “सांग त्याला, गाडी हळू चालव म्हणावं.” वहिनी सांगायची. पलीकडून उत्तर, “बाबांना सांग, गाडी विकली.” भांडण नव्हतं हो, कधीच नव्हतं. दोघांना थेट बोलायची सवयच नव्हती. माझ्या मात्र ते डोक्यात जायचं. एकदा म्हटलंही, “वहिनी, तू काय पोस्टमन आहेस का?” ती हसली. “अगं, टपाल येतंय ना, मग झालं तर!”

वहिनी गेली तेव्हा भाचा धावत आला. मीही दादाकडे राहायला आले. त्या दिवसांत बापलेक चक्क बोलत होते. दाखला कुठून आणायचा, उरलेली औषधं कुणाला द्यायची, पाहुण्यांना आणायला कोण जाणार. म्हटलं, चला, निदान एवढं तरी झालं. मग भाचा परत गेला आणि दादा कामावर रुजू झाला.

आणि रुजू होऊन धड आठवडाही झाला नसेल, तोच त्याने घोळ घातला. संध्याकाळी तो आपणहून बोलायला बसला, तेव्हाच मी ओळखलं की काहीतरी बिनसलंय. कॉम्प्युटरमध्ये म्हणे काही फाइली सामायिक असतात, त्यांना लायब्ररी म्हणतात. घरात कात्री एकच असते आणि ज्याला लागेल तो ती घेतो, तसं. साफसफाई करताना दादाने त्यातली एक फाइल जुनी समजून उडवली.

“काहीच बिघडलं नाही गं,” तो म्हणाला. “सगळे स्कॅन जात होते. चालू सॉफ्टवेअरने ती आधीच उघडून घेतलेली असते. फाइल गेली तरी त्याचं काम चालू राहतं. बंद करून पुन्हा सुरू केलं, की मग ते तिला शोधतं.”

“मग बंद करून बघायचंस ना!”

“नेहमी बघतो. या वेळी नाही बघितलं. आज वीज गेली, परत आली, पण ते काही उठलंच नाही.”

शेजारच्या मशीनवरून तीच फाइल आणून त्याने काम मार्गी लावलं होतं. साहेबही काही बोलले नव्हते. तरी चहा गार होईपर्यंत दादा कपाकडे बघत बसला. मग म्हणाला, “परत गेल्यापासून पोराचा फोन नाही.”

मी चिडलेच. “तुला बोटं नाहीत का?” म्हणत नंबर लावून फोन त्याच्या हातात कोंबला, आणि स्वयंपाकघरात जाऊन भांडी घासायला घेतली. कान अर्थात बाहेरच.

“हॅलो... जेवलास?... हो, मीही.”

पुढे काहीच नाही. मी नळ बंद केला.  एवढ्यात दादा दारात आला. कानावरचा फोन काढून त्याने तो ओट्याच्या दिशेने पुढे केला. “घे गं,” म्हणाला, “बोल त्याच्याशी.”

मी वळले, तसा तो मला बघून दचकला. ते मला म्हटलेलं नव्हतं. पलीकडे भाच्यानेही ऐकलं असणार.

 हात पुसून मी फोन घेतला. “आत्या बोलतेय रे.”

 मग त्याने विचारलं, “आत्या, बाबांना विचार ना, रडतायत का?”

दादाची हनुवटी ओली होती. तरी मी विचारलं.

“सांग त्याला, नाही म्हणून.”

“नाही म्हणतोय,” मी सांगितलं.

“बरं. मीही नाही, म्हणून सांग त्यांना.”

मी तेही सांगितलं. दुसऱ्या दिवशी सकाळी मला माझ्या घरी परत जायचं होतं, बॅगही भरून झाली होती. मग या दोघांचं टपाल कोण पोचवणार?