जहाज उशिरा आलं आणि मला आठवा लागला

कुणी ‘सहल’ म्हटलं की माझ्या डोक्यात तिडीक जाते. घरातल्या पोरांना वाटतं, म्हातारीला फिरण्याचा कंटाळा आहे. मला फिरायला फार आवडतं, उलट आयुष्यभर फिरायला मिळालं नाही म्हणून मी चिडलेली असते. माझा राग एका सहलीवर आहे. ती जेमतेम अर्ध्या दिवसाची होती. त्या सहलीत फिरायला दुसरे लोक होते आणि मी बघायची वस्तू होते.

अनसिंगहून गाडीवाटेनं जरा आत गेलं की आमचं गाव. तेव्हा वाशिम नुसता तालुका होता, जिल्हा अकोल्याचा. माझं माहेर आसेगाव, बैलगाडीनं एका दिवसाची वाट. लग्नानंतर मला पहिल्यांदाच दिवस गेले होते, आणि पहिलं बाळंतपण माहेरी हे ठरलेलंच असतं. सातव्या महिन्यात माहेरचा माणूस न्यायला येतो, त्याला मुऱ्हाळी म्हणतात. आठवा लागला की मात्र संपलं. मग बाळंत होईपर्यंत बाईनं गावाची शीव ओलांडायची नाही. हे कुणी सांगावं लागत नाही, दगडावरची रेघच ती.

मी माहेरासाठी जीव टाकत होते त्याला कारण होतं. माझी थोरली जाऊ पहिल्या बाळंतपणात याच घरात, गावच्या याच दाईच्या हाताखाली गेली होती. तिचं माहेर लांब होतं, वेळेवर कुणी न्यायला आलं नाही. ज्या खोलीत ती गेली तिथं आता कापूस भरलेला असायचा. मी त्या खोलीवरून जाताना पदर सावरून झपझप जायची. मला बाळंतपण आईजवळ हवं होतं, दुसरं काही नको होतं.

माघात माझा भाऊ दमणी घेऊन आला. दमणी म्हणजे बायकामाणसांसाठी वर छप्पर केलेली हलकी गाडी. आईनं तिच्यात गोधड्यांवर गोधड्या घातल्या होत्या, मला धक्के बसू नयेत म्हणून. मी गाठोडं बांधून तयारच होते. नेमके त्याच सकाळी मुंबईचे भाऊजी येऊन टपकले.

हे भाऊजी म्हणजे मामंजींच्या बहिणीचा मुलगा. मुंबईत जहाजानं येणाऱ्या गोऱ्या लोकांना हिंडवून आणायचं काम करायचा. पायात बूट, केसांना तेलाचा नुसता लोंढा, आणि बोलताना प्रत्येक वाक्याला घड्याळ बघायचा. त्यानं ओट्यावर बसून सांगितलं की एक जहाज मुंबईला लागतंय. त्यातले काही लोक रेल्वेनं देश बघत मद्रासला जाणार आणि तिथं पुन्हा त्याच जहाजात बसणार. वाटेत अकोल्याला त्यांचा अर्धा दिवस रिकामा आहे. लेणी झाली, राजवाडे झाले, आता त्यांना खेडं बघायचंय. आपल्या गावात अर्ध्या दिवसात निसर्ग आणि संस्कृती दोन्ही दाखवता येईल, असं तो म्हणाला.

आतून सासूबाईंनी मला हळूच विचारलं, “निसर्ग समजला. हे संस्कृती कोनाची पोरगी व्हय?”

मला हसू आलं होतं तेव्हा. ती पोरगी कोण, ते मला त्याच संध्याकाळी कळलं. निसर्ग म्हणजे नाल्याकाठचं पळसाचं रान. संस्कृती म्हणजे भुलाबाई, आणि गावात भुलाबाईची गाणी सगळ्यांत चांगली म्हणायची कोण, तर मी. मामंजींनी माझ्या भावाला बोलावून सांगितलं, पाव्हणे चार रोजांत येऊन जातील, मग खुशाल न्या. भाऊ म्हणाला, हरभरा सोंगायला आलाय, मला थांबता यायचं नाही. मामंजी म्हणाले, मग जा आणि परत या. मुऱ्हाळ्याला रिकामं परत पाठवणं आमच्याकडे वाईट दिसतं, पण जहाजापुढे मुऱ्हाळी काय. मामंजींनी आयुष्यात जहाज पाहिलं नव्हतं. त्या रात्री मात्र पारावर ते जहाजात किती खोल्या असतात ते सांगत होते.

भाऊ रिकामी दमणी घेऊन गेला. गोधड्या तशाच घडीच्या घडी परत गेल्या.

आता भुलाबाईचं सांगते. भुलाबाई ही पार्वती. भादव्याच्या पुनवेला ती माहेरी येते, महिनाभर पोरीबाळी तिच्यापुढे गाणी म्हणतात, खाऊ ओळखायचा खेळ खेळतात, आणि कोजागिरीला ती सासरी जाते. मग पुढच्या भादव्यापर्यंत तिचं नाव काढायचं नाही. सासूबाईंचं आणि माझं कधी पटलं नाही, पण त्या दिवशी त्या खरं बोलल्या. भांडी आपटत नवऱ्याला ऐकू जाईल अशा बेतानं म्हणाल्या, “भुलाबाई कोजागिरीले गेली आपल्या घरी. आता माघात तिले आनाले कोन मुऱ्हाळी गेलता?”

मामंजींनी ऐकून न ऐकल्यासारखं केलं. कुंभाराला बोलावून मातीचे महादेव-भुलाबाई करून घेतले. वर ज्वारीच्या पाच धांड्यांची खोपी लागते, ती कडब्याच्या गंजीतून वाळके धांडे उपसून उभी केली. दिसायला सगळं दिसत होतं भुलाबाईसारखं. मला त्या मातीच्या बाईकडे बघवत नव्हतं. तिला अवेळी ओढून माहेरी आणली होती आणि मला वेळेवर जाऊ देत नव्हते.

चार दिवसांचे आठ झाले. भाऊजी अकोल्याहून निरोप पाठवायचा की जहाज उशिरा निघालंय, वाटेत कुठं अडलंय, आता लागलंय, आता लोक उतरलेत. ज्या गावात उन्हाळ्यात घागरभर पाण्यासाठी भांडणं होतात त्या गावात आम्ही दिवसरात्र समुद्राच्या गोष्टी करत होतो. मी बोटांवर तिथी मोजत होते, माझा सातवा अवसेला संपत होता. महाशिवरात्र गेली, दुसऱ्या दिवशी अवस झाली, आणि फाल्गुनाच्या प्रतिपदेला सकाळी दोन मोटारी धूळ उडवत गावात शिरल्या. त्यांच्यामागे जरा वेळानं, हरभरा उरकून रात्रभर हाकलेली माझ्या भावाची दमणी आली. तो बिचारा बैल सोडून निंबाखाली बसून राहिला. त्याच्याकडे बघायला कुणाला वेळ होता.

आधी निसर्ग झाला. मामंजींनी नाल्यावर धुणं धुवायला येणाऱ्या बायकांना आणि गुराख्यांना आदल्या दिवशीच ताकीद दिली होती की इकडे फिरकायचं नाही. त्यामुळे तिथं पळसाखेरीज काही नव्हतं. पाव्हण्यांनी विचारलं म्हणे, की या गावात बायका आणि गुरं नाहीत का. मग वाघ आहे का विचारलं. वाघ नाही म्हटल्यावर त्यांचं तोंड उतरलं. एका बाईनं पळसाची फुलं टोपीत खोचली आणि सगळ्यांनी तिचे फोटो काढले. हे सगळं आमच्या ह्यांनी मला नंतर रंगवून सांगितलं. माझे यजमान त्या दिवशी दोनच कामं करत होते, पाव्हण्यांच्या मागे चालणं आणि परत आल्यावर मोटारीच्या चाकाला हात लावून बघणं.

मग संस्कृतीची पाळी आली. अंगणात सतरंज्या, खुर्च्या, आणि खोपीपुढे आम्ही बायका. मला नवी नऊवारी नेसवली होती. पोट एवढं मोठं, पाय सुजलेले, आणि फेर धरून गाणी म्हणायची. एक गाणं झालं की भाऊजी घड्याळ बघायचा आणि बोटानं खूण करायचा, आणखी एक. माहेरी आलेल्या लेकीचं कौतुक, तिच्या आईनं केलेलं गोडधोड, भावानं घातलेल्या बांगड्या, अशीच ती गाणी असतात. माझा भाऊ कुंपणापलीकडे निंबाखाली बसून ऐकत होता. माझा आवाज मध्येच फुटला. पाव्हण्यांनी टाळ्या वाजवल्या.

खुर्चीतली एक म्हातारी गोरी बाई उठून माझ्याजवळ आली. तिनं माझ्या पोटाकडे हात केला आणि भाऊजीला काही विचारलं. भाऊजी मामंजींकडे वळून म्हणाला, बाई विचारतेय की कितवा महिना.

मामंजी हसत म्हणाले, “सातवा. सातवाच चालू हाय.”

गरोदर बाईला आठव्यात नाचवलं असं पाव्हण्यांना कसं सांगणार? त्या बाईनं माझा हात हातात घेऊन दाबला. तिचा हात गार होता. तिच्यावर माझा राग नव्हता असं मी म्हणणार नाही, तिच्यावरही होता. ती खाऊ न ओळखताच निघून गेली. खोबऱ्याची खिरापत तशीच झाकलेली राहिली.

मोटारी गेल्या. धूळ खाली बसायच्या आत मी गाठोडं उचललं आणि दमणीकडे चालू लागले. भाऊ बैल जुंपत होता. सासूबाईंनी दारातूनच हाक मारली की कुठं निघाली. मी म्हटलं, माहेरी. त्या म्हणाल्या, “काल अवस झाली ना वो. आठवा लागला तुले. आता कशी जातं?”

दाई तिथंच गाणी ऐकायला आलेली होती, तिनंही मान हलवली. मी मामंजींकडे बघितलं. सासऱ्याशी सुनेनं चारचौघांत तोंड उघडून बोलायची पद्धत नव्हती, मीही तोवर कधी बोलले नव्हते. पण त्या दिवशी मला लाज वाटली नाही. मी म्हटलं, “मामंजी, आत्ताच तं तुमी सातवा म्हनला. त्या बाईले सातवा आन मले आठवा काहून?”

मामंजी खाकरले आणि म्हणाले, ते पाव्हण्यांपुरतं होतं. मग पागोटं सारखं करत घरात गेले. मी भावाकडे वळले. मला वाटलं होतं, हा तरी म्हणेल, बस गाडीत, बघू काय होतं ते. पण तो खाली मान घालून जुंपलेले बैल सोडायला लागला. त्याचंही म्हणणं तेच, आठव्यात शीव ओलांडून काही बरंवाईट झालं तर आईला काय तोंड दाखवू. मला तेव्हा सगळ्यांत जास्त राग त्याचा आला. सासरच्यांकडून मी आशा धरलीच नव्हती.

तिसऱ्या दिवशी सासूबाईंनी भुलाबाई नाल्यात शिरवली, म्हणजे विसर्जन केली. नाल्याला पाणी घोट्याएवढं. माती विरघळली नाही, बाई तशीच काठाला पडून राहिली. मी ती बघायला गेले नाही, पाणी आणायला जाणाऱ्या बायकांनी सांगितलं.

वैशाखात माझे दिवस भरत आले तशी आई आसेगावहून आली. आमच्याकडे आणखी एक रीत आहे. लेकीला मूल होईपर्यंत आईबापांनी तिच्या सासरचं पाणी प्यायचं नाही, अन्नाचं तर सोडूनच द्या. म्हणून आईनं दमणीत आसेगावच्या विहिरीची घागर भरून आणली होती. आमच्या समोरच्या घरी तिनं ओटा मागून घेतला आणि तिथं बसून राहिली. ऊन असं की भिंतीला पाठ लावता येत नव्हती. घागरीतलं पाणी कोमट झालेलं, ती चूळ भरण्यापुरतं तोंडात घ्यायची. मी खिडकीतून तिच्याकडे बघायची आणि ती माझ्याकडे बघायची. आमच्या मध्ये फक्त गल्ली होती.

कळा सुरू झाल्या तेव्हा कापसाचीच खोली रिकामी केली. त्या खोलीत मी किती वेळ होते ते मला सांगता येणार नाही. आई गल्ली ओलांडून आत आली ती सासूबाईंना न विचारता. दाईला एका हातानं बाजूला सारून माझ्या डोक्याशी बसली. मुलगी झाली. मुलगी जगली आणि मीही जगले. आई दारात आली तेव्हा तिचे ओठ वाळून भेगाळले होते.

मामंजी स्वतः पितळेचा लोटा भरून घेऊन आले. वरून स्वच्छ फडकं झाकलेलं होतं. मोठ्या मनानं म्हणाले, विहीनबाई, आता घ्या, आता नात झाली, आता चालते.

आईनं लोट्याला हात लावला नाही. पदरानं तोंड पुसलं आणि म्हणाली, “तुमच्या घरी सातवा चालू हाय का आठवा, ते आंदी पक्कं करा. मंग पीन.”

ती लोटा धरलेल्या मामंजींच्या बाजूनं समोरच्या ओट्यावर गेली आणि आपल्या घागरीतलं तळाचं पाणी ओतून घेऊन प्यायली.

पुढे आई आमच्याकडे पुष्कळदा आली. माझी पुढची बाळंतपणं, मुंजी, लग्नं, सगळ्याला आली. दर वेळी दमणीत तिची घागर असायची. लोकांनी समजावलं, सासूबाईंनी हात जोडले, मी स्वतः एकदा तिच्यावर ओरडले की मी रोज हेच पाणी पिते, मी काय विष पिते का. तिनं आपल्या घागरीवरचं झाकण सारखं केलं. मामंजी वारले त्या दिवशीही ती आली, माझ्या गळ्यात पडून रडली, आणि परत जाताना शिवेबाहेर गाडी थांबवून पाणी प्यायली.