देवळाला ऑइल पेंट

पुरातत्त्व खात्यातली माझी पहिली नेमणूक भडगावच्या पुढे, गिरणेकाठच्या एका गावात होती. गावाबाहेर काळ्या दगडाचं जुनं देऊळ, भोवती तारेचं कुंपण आणि दारात निळा फलक : संरक्षित स्मारक, नासधूस केल्यास शिक्षा. ऐंशीचं दशक संपत आलं होतं. मी धुळ्यात वाढलेला, हातात पदविका आणि डोक्यात हवा. देवळाची मापं घेऊन नकाशे काढायचे, हे माझं काम. पण ते देऊळ मला शिकवलं तिथे झाडू मारणाऱ्या माणसाने.

तो खात्याचा पहारेकरी. पंधरा वर्षं रोजंदारीवर. मी मंडपाचे सोळा खांब मोजले आणि नकाशात सोळाही सारखे काढले, तेव्हा त्याने कागदावरच्या एका खांबावर बोट ठेवलं. मग मला नैर्ऋत्येच्या खांबाशी घेऊन गेला. "साहेब, हाऊ खांब येगळा शे. आठे कारागीरनी वेल अर्धीच सोडी दिनी." खरोखरच वेलीची तीन पानं नुसती रेघांत होती. आठवडाभर मी त्याच खांबाशेजारी बसून डबा खाल्ला होता. डोळे होते, पण पाहिलं कुणी!

सांध्यात पिंपळाचं रोप उगवलं तर तो उपटायचा नाही, कारण ओढाताणीत दगड हलतो. मुळाशी कापून, मूळ मरावं म्हणून तिथे तो घरून आणलेला हिंग भरायचा. खात्याकडून हिंग मिळत नसे. तो बौद्ध. गाभाऱ्यापुढे मी त्याला कधी हात जोडताना पाहिलं नाही. पण त्या दगडांवर त्याचा जीव होता, आणि माझा त्याच्यावर जडत चालला होता, हे सांगायला मला आता लाज वाटत नाही.

त्या वर्षी त्याला कायम करायचं ठरलं. सिव्हिल सर्जनच्या दाखल्यासाठी त्याला दोन दिवस जळगावला जाणं भाग होतं. नियम असा, की पहारेकऱ्याने रजेचा लेखी अर्ज द्यायचा आणि बदली माणूस नेमायचा. मी मोठ्या रुबाबात म्हणालो, "कागद कशाला? जा तुम्ही, मी आहे ना." तो गेला. शनिवारी दुपारी मीही धुळ्याची एसटी धरली.

सोमवारी सकाळी आम्ही दोघे भडगावहून येणाऱ्या एकाच बसमधून उतरलो, आणि लांबूनच देऊळ पिवळं दिसलं.

चैत्राची यात्रा आठ दिवसांवर आली होती. गावातल्या प्रत्येक देवाला यात्रेआधी रंग लागतो. हाच एक देव वर्षानुवर्षं काळा, याचं गावाला वाईट वाटायचं. पोळ्याला बैलांची शिंगं रंगवणाऱ्या माणसाला बोलावून त्यांनी तोच ऑइल पेंट देवळाला लावून घेतला होता. खांब पिवळे, वेली हिरव्या. भिंतीवरच्या अप्सरांना लाल चोळ्या चढवल्या होत्या, का, तर बायामाणसं दर्शनाला येतात. यात्रेचा कारभार बघणारे आबा हसतमुखाने पुढे आले आणि पहारेकऱ्याला म्हणाले, "भाऊ, तू गावमा नही व्हतास, तव्हयच आमी काम उरकं. आते तुनावर काही येवाव नही."

त्याची नोकरी जाऊ नये, म्हणून त्यांनी मुद्दाम तो नसतानाचा मुहूर्त साधला होता. एवढ्या मायेने कुणी कुणाचा घात केला नसेल. पहारेकरी जागेवर असता, तर कुणी ऐकलं नाही असं तरी सांगता आलं असतं. आता तो जागेवरच नव्हता.

चौथ्या दिवशी वरचे साहेब आले. रंग दगडात फार मुरला नव्हता, खात्याची रसायनवाली माणसं तो काढतील, असं ते म्हणाले. मग मंडपात खुर्ची टाकून त्यांनी पहारेकऱ्याला विचारलं, "तुम्ही कुठे होता?"

"जळगावले गयथू, साहेब."

"कुणाला विचारून?"

मी त्याच्यापासून दोन हातांवर उभा होतो. त्याने माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. "कोनलेच नही. मीच गयथू."

साहेबांनी वहीत काहीतरी लिहिलं आणि म्हणाले, "मग कायम करायचं विसरा." मी गप्प राहिलो. त्याच्या जागी मी असतो, तर पहिल्याच वाक्यात दुसऱ्याचं नाव घेऊन मोकळा झालो असतो.

कुंपणाबाहेर मी त्याला गाठलं आणि खोटं का बोलला, म्हणून उलट त्याच्यावरच चिडलो. तो शांतपणे म्हणाला, "तुमनी पहिली नोकरी शे, साहेब. माले पंधरा वरीस व्हयनात, लोक माले वळखतस."

तसाच मागे फिरलो आणि साहेबांना सगळं सांगितलं : तोंडी परवानगी माझी होती, आणि त्याच्या मागे मीही जागेवर नव्हतो. त्यांनी ते माझ्याच हाताने लिहून घेतलं. मला मेमो मिळाला, पगारवाढ थांबली. त्याला कायम केल्याचा आदेश तीन महिन्यांनी आला.

आदेश वाचून त्याने घडी घातली आणि माझ्याकडे कोरा कागद मागितला. अर्ध्या दिवसाची रजा, लेखी. दुपारी तो आला तो गणवेशात नव्हता. धुतलेलं धोतर नेसलेल्या एका म्हाताऱ्याला हाताला धरून आणत होता. ते त्याचे वडील. याच गावात त्यांचा जन्म गेला, पण देवळाच्या आवारात त्यांनी कधी पाऊल टाकलं नव्हतं. लहानपणी यात्रेत त्यांना आवाराबाहेर, नदीच्या अंगाला उभं करत. पुढे काळ बदलला, मुलगा इथेच लागला, तरी म्हातारा यायला तयार नव्हता. मी आलो, कुणी काही बोललं आणि तुझी रोजी गेली तर, असं म्हणायचा. तू पक्का हो, मग येईन.

मुलाने त्यांना एकेक खांब दाखवला. सांधे दाखवले, छतातलं कमळ दाखवलं. म्हातारा मान वर करून बघतच राहिला. मग त्याने हात पुढे केला, मध्येच थांबला आणि मुलाला विचारलं, "हात लाऊ का रे?"

"लावा, बाबा," मुलगा म्हणाला.